ओझ्याची गाठ

"जरा वर. मानेखाली. तिथं माझा हात पोचत न्हाई," अण्णा म्हणाले.

परसातल्या दगडावर ते माझ्याकडे पाठ करून बसले होते. बादलीतलं पाणी पिवळं झालं होतं. हळदीच्या हंगामात सांगलीच्या मार्केट यार्डातल्या हमालाच्या घरात सगळंच पिवळं होतं. टॉवेल, उशीचा अभ्रा, दाराची कडीसुद्धा. अण्णांची पाठ आई घासायची. आई जाऊन चार महिने झाले होते, आणि पाठीच्या मधोमध, जिथे माणसाचा स्वतःचा हात जात नाही, तिथे हळदीचा वीतभर पट्टा साचला होता. कोल्हापूरहून मी त्याच सकाळी आले होते. तो पट्टा बघितला आणि ओढणी कमरेला बांधून काथ्या हातात घेतला.

काथ्या मानेखाली गेला आणि थांबला.

गाठ मला नवी नव्हती. लहानपणी त्यांच्या पाठीवर बसले की मी तिच्यावर हनुवटी टेकवायची. तेव्हा ती सुपारीएवढी होती, पुढे लिंबाएवढी झाली. आज ती माझ्या तळहाताच्या खळग्यात मावत नव्हती.

"अण्णा, ही वाढलीय."

"कोण?"

"कोण काय. गाठ."

"वाढू दे. पोती वाढली, ती पण वाढली."

"कधीपासून वाढलीय?"

"घास की गं. पाणी गार व्हायला लागलं."

"दुखते का?"

"दुखली असती तर तिच्यावर पोतं टेकवलं असतं का?"

ते खरं होतं. यार्डात त्या गाठीला गादी म्हणत. वीस-पंचवीस वर्षं पाठीवर पोती वाहिली की मानेखाली काहीतरी उठतंच, अशी तिथली समजूत होती. ज्याची गादी मोठी तो जुना हमाल. नवा माणूस कामाला लागला की मुकादम त्याला अण्णांपुढे उभा करायचा आणि म्हणायचा, "हात लाव तातोबाच्या गादीला. अशी झाली की मग पगारवाढ माग." नवा माणूस हात लावायचा, बाकीचे हसायचे, आणि अण्णा मान खाली घालून, थोडेसे अभिमानाने, उभे राहायचे.

"डॉक्टरला दाखवू या," मी म्हणाले.

"न्हाई."

"का नाही?"

"ओझ्याची गाठ हाय ती." त्यांनी तांब्याभर पाणी डोक्यावर ओतून घेतलं.

ते शब्द ऐकून माझा हात जागीच राहिला. का राहिला, ते मी त्यांना सांगितलं नाही. पाठ धुतली, टॉवेल दिला आणि चुलीपाशी जाऊन बसले.

मी तेव्हा चोवीस वर्षांची होते. कोल्हापुरात एका कॉलेजच्या ग्रंथालयात नोकरी करत होते. आईला छातीची गाठ निघाली तेव्हापासून मी वाचायला लागले होते आणि ती गेल्यावरही वाचन थांबलं नव्हतं. वैद्यकाच्या कपाटात जेवढं मराठी होतं ते वाचून झालं, मग शब्दकोश शेजारी ठेवून इंग्रजी वाचलं. चरबीच्या गाठी, पाण्याच्या गाठी, तंतूंच्या गाठी. बहुतेक गाठी साध्या असतात, असं प्रत्येक पुस्तकात कुठेतरी लिहिलेलं होतं. मला ते वाक्य पटत होतं आणि त्याचा काही उपयोग होत नव्हता. आई त्या 'बहुतेक'मध्ये बसली नव्हती. आता घरात एकच माणूस उरलं होतं, आणि त्याच्या मानेवरची गाठ वाढत होती.

सोमवारी मला कामावर हजर व्हायचं होतं. मी गेले नाही. अकराच्या सुमाराला यार्डात गेले.

सौदे चालू होते. अडत्यांच्या दुकानांपुढे पोती उघडी करून ठेवलेली, व्यापारी हळकुंड मोडून आतला रंग बघत होते. एक माणूस बंद पोत्यात टोकदार पोकळ नळी खुपसून आतला माल काढून दाखवत होता. पत्र्याच्या सावलीत बायका हळकुंडं आणि गड्डे वेगळे करत बसल्या होत्या. त्यांच्यातली मालनमावशी मला लहानपणापासून ओळखायची. तिने मला आधी बघितलं.

"तातोबाभाऊ," ती ओरडली, "लेक आलीया बघा. वॉरंट घेऊन आल्यागत उभी हाय."

अण्णा ट्रकच्या फळीवरून उतरत होते. पाठीवर साठ किलोचं पोतं, हातात लोखंडी आकडा, डोक्यावरून पाठीवर सोडलेली गोणपाटाची खोळ. पोतं बरोबर गाठीवर टेकलेलं होतं. त्यांनी ते थप्पीवर टाकलं आणि माझ्याकडे न बघताच दुसऱ्याला निघाले.

मुकादम शिदूमामा जवळ आले. "काय उजा, लायब्री बंद पडली का तुझी?"

"अण्णांना दवाखान्यात न्यायचंय, मामा."

"काय झालं त्याला? सकाळपासनं साठ पोती टाकलीत."

"मानेवरची गाठ दाखवायचीय."

"गादी?" शिदूमामा हसले, मग इतरांना ऐकू जाईल असं म्हणाले, "आरं, तातोबाची गादी दवाखान्यात चालली रं." स्वतःची कॉलर मागे ओढून त्यांनी मला मान दाखवली. "ही बघ माझी. माझ्या बापाची ह्याच्यापेक्षा मोठी हुती. नव्वद वर्षं जगला, तीन सुनांशी भांडला. गादीनं कोण मेलाय का आजवर?"

"गादीला न्हाई घाबरत तो," मालनमावशी हळदीतून मान वर न करता म्हणाली. "सुईला घाबरतोय. हौसा सांगायची मला."

सगळे हसले. आईचं नाव आलं तसं हसणं थोडं लवकर संपलं. अण्णांनी आकडा कमरेला खोचला, नळावर जाऊन तोंड धुतलं आणि मला बाजूला बोलावलं.

"येतो," ते म्हणाले. "पण एक सांगतो. काय निघालं, तर कापायचं न्हाई. हौसाला जे जे केलं, त्यातलं काय करायचं न्हाई. कबूल असंल तर येतो."

"कबूल," मी म्हणाले.

मी खोटं बोलत होते. त्यांना ते कळत असणार. पण ते आले.

डॉक्टर उपाध्ये साठीचे होते. आवाज बारीक, हात मोठे. त्यांनी अण्णांना शर्ट काढून स्टुलावर बसवलं आणि बराच वेळ गाठ चाचपली. दोन बोटांत धरली, बाजूला सरकवली. ती कातडीखाली सरकली, आणि सोडल्यावर परत जागेवर आली.

"काय काम करता?"

"हमाली. मार्केट यार्ड."

"किती वर्षं झाली गाठीला?"

"पंधरा-सोळा. गादी हाय ती, डॉक्टर. समद्यास्नी हाय आमच्यात."

"सगळ्यांना आहे, पण एकच नाही," डॉक्टर म्हणाले. "तुमच्यातले बरेच जण येतात माझ्याकडे. काहींच्या मानेवर नुसता घट्टा असतो, कातडी जाड झालेली. काहींच्या आत पाणी धरलेलं असतं. तुमची मला चरबीची वाटते. कातडीच्या खाली चरबीचा एक गोळा तयार होतो, त्याच्याभोवती पातळ पिशवी असते, म्हणून तो असा हलतो. मऊ लागतो, दुखत नाही, सावकाश वाढतो. तसाच राहिला तरी काही बिघडत नाही. तुम्ही सगळ्यांना मिळून एकच नाव देऊन टाकलंय."

"मग झालं की." अण्णांनी शर्टाकडे हात नेला.

"थांबा. ही अलीकडे वाढलीय म्हणते तुमची मुलगी. सोनोग्राफी करू, आणि सुईने थोडा नमुना काढून तपासायला पाठवू."

"सुई कशाला? हातानं कळलं न्हवं तुम्हाला?"

"हाताने अंदाज येतो."

"म्हंजे?"

"म्हणजे मला वाटतं की साधी आहे. वाटणं वेगळं. तीस वर्षं मी गाठी चाचपतोय, तरी नुसत्या हातावर मी कुणाला घरी पाठवत नाही."

मी बाजूला उभी होते, मला अण्णांचा चेहरा अर्धाच दिसत होता. त्यांनी विचारलं, "पोतं न उसवता नमुना काढायचा. आमच्यात नळी खुपसत्यात तसं."

"अगदी तसं," डॉक्टर म्हणाले. "तुम्हाला समजावणं सोपं आहे."

"वरनं हात लावला तर पोतं चांगलंच लागतं."

"हो."

"आत किडलेलं असलं तरी."

"काही वेळा."

अण्णा स्टुलावर तसेच बसून राहिले. डॉक्टर कागदावर लिहायला लागले तेव्हा त्यांनी आणखी एक प्रश्न विचारला, खाली बघत. "बायांच्या छातीतली गाठ... ती बी अशीच मऊ लागती का?"

डॉक्टरांनी लिहिणं थांबवलं. आई त्यांच्याकडे आली नव्हती, ती दुसऱ्या दवाखान्यात होती. त्यांना काही माहीत नव्हतं.

"कधी मऊ असते, कधी टणक. कधी रबरासारखी, बोटाखालून पळणारी. त्यातल्याही बहुतेक साध्याच निघतात. पण कुठली साधी, ते घरात बसून ठरवता येत नाही. का हो?"

"काय न्हाई," अण्णा म्हणाले. "आपलं इचारलं."

सुई टोचताना त्यांनी हूं की चूं केलं नाही. मालनमावशीचं खोटं ठरलं.

रिपोर्टला चार दिवस लागणार होते. त्या चार दिवसांत अण्णा रोज कामावर गेले. मी रोज पाठ घासायला काथ्या घ्यायची आणि ते म्हणायचे, "ऱ्हाऊ दे आज." गाठीवर चिकटपट्टी होती, म्हणून असेल असं मला वाटलं. जेवताना मी काहीबाही बोलत राहायची. डॉक्टरांना साधीच वाटते, वाढली तरी साधी असू शकते, पुस्तकातही तसंच दिलंय. ते मान हलवायचे. एकदा भाकरीचा तुकडा हातात धरून म्हणाले, "तुला लई वाटतंय न्हवं, साधी निघावी?"

"म्हणजे काय, अण्णा. तुम्हाला नाही वाटत?"

त्यांनी तुकडा आमटीत बुडवला. "आमटी चांगली झालीया," म्हणाले.

पाचव्या दिवशी आम्ही दोघं दवाखान्यात गेलो. डॉक्टरांनी पाकीट फोडलं, कागद वाचला आणि माझ्याकडे वळवला. मी इंग्रजी वाचू शकते हे त्यांच्या लक्षात राहिलं होतं. त्यांच्या तोंडून ऐकायच्या आधी मी शेवटची ओळ वाचली होती.

"चरबीचीच आहे," ते अण्णांना म्हणाले. "साधी. हिचा कॅन्सर होत नाही. पोत्याखाली अडचण करत असेल तर काढून टाकू, छोटं काम आहे. नाहीतर राहू द्या. फक्त पुन्हा एकदम वाढली, दुखायला लागली, घट्ट झाली, तर या."

मी खुर्चीत बसून ती ओळ पुन्हा वाचली. वर बघितलं तर अण्णा उभेच होते. त्यांचा चेहरा उतरला होता.

"साधीच," ते म्हणाले.

"अगदी साधी."

"माझी साधीच निघाली."

डॉक्टरांना नमस्कार करून ते बाहेर पडले, इतक्या झपाझप की मला कागद गोळा करून मागे धावावं लागलं. ते घराच्या रस्त्याला न लागता नदीकडे वळले. घाटाच्या वरच्या पायरीवर सावली होती, तिथे बसले. खाली दोन बाया गोधड्या धूत होत्या. मी शेजारी बसले.

"अण्णा, काय झालं? बरं वाटतंय ना?"

"हौसानं मला दाखवली हुती," ते म्हणाले.

"काय?"

"तिची गाठ. गेल्याच्या आदल्या हंगामात. मी अंघोळ करून बसलो हुतो. म्हणली, हितं कायतरी लागतंय, बघा जरा. मी हात लावला." ते नदीकडे बघत बोलत होते. "साठ किलोचं पोतं आन बासष्टचं पोतं, मी डोळं झाकून सांगतो. मला वाटायचं, माझ्या हाताला समदं कळतं. मी तिचा हात धरला आन माझ्या मानेवर ठेवला. म्हणलं, बघ, अशीच हाय का? ती म्हणली, माझी जरा टणक हाय. म्हणलं, नवी हाय म्हणून. मुरली की मऊ व्हईल. डोक्यावर घागरी वाहतीस, ओझ्याची गाठ हाय. मला पंधरा वरसं हाय, मला काय झालं?"

त्यांनी स्वतःच्या मानेवर हात ठेवला.

"हसली की गं. लई बरं वाटलं तिला. आठ महिनं कुणापाशी बोलली न्हाई. मी सांगितलं म्हणून बोलली न्हाई."

खालच्या बाईने गोधडी पिळायला दुसरं टोक दुसरीच्या हातात दिलं. दोघी उलट्या दिशांना पीळ घालत होत्या.

"त्या डॉक्टरनं बोटानं माझी गाठ सरकवली, तवाच वाटलं. म्हणलं, देवा, ह्येच्यात तसलंच निघू दे."

"अण्णा."

"तिला म्हणलं हुतं, माझ्यासारखीच हाय. तेवढं तरी खरं झालं असतं."

आता मला कळलं की त्या चार दिवसांत ते पाठ का घासू देत नव्हते, आणि साधी निघाल्यावर त्यांचा चेहरा का उतरला. मी पाच दिवस ज्या उत्तरासाठी जीव मुठीत धरून बसले होते, नेमकं तेच उत्तर त्यांना नको होतं. मला त्यांच्या हातावर हात ठेवायला हवा होता. त्याऐवजी मी जे कुणालाच सांगायचं नाही असं ठरवलं होतं, ते बोलायला लागले.

"मलाही सांगितलं होतं तिने."

त्यांनी पहिल्यांदा माझ्याकडे बघितलं.

"त्याच वर्षी दिवाळीत. ती करंज्या तळत होती. मी उंबऱ्यावर वाचत बसले होते. माझ्याकडे न बघताच म्हणाली, उजा, तुझे अण्णा म्हणतात ओझ्याची गाठ आहे. तुझ्या पुस्तकात असतं का गं तसलं काही?"

"मग?"

"मी म्हणाले, बघते."

"मग?"

"बघितलं नाही."

त्यापुढे सांगण्यासारखं काही नव्हतं. परीक्षा होती, नोकरी नवी होती, हे खरं होतं आणि ते कारण नव्हतं. मी उंबऱ्यावर काय वाचत होते ते मला आजही पानासकट आठवतं. जानेवारीत तिच्या काखेत सूज आली, तेव्हा मी पहिल्यांदा वैद्यकाचं कपाट उघडलं.

बाया गोधड्या पायऱ्यांवर पसरून निघून गेल्या.

"असतं का?" अण्णांनी विचारलं.

"काय?"

"पुस्तकात. ओझ्याची गाठ."

"नाही. तशा नावाचं काही नसतं."

त्यांनी मान हलवली. मग खांद्यावरचा टॉवेल काढून माझ्या हातात दिला. मी रडतेय हे तोवर मला समजलं नव्हतं. टॉवेलाला हळदीचा आणि घामाचा वास येत होता. मी चेहरा पुसला.

"मला वाटत हुतं, ह्ये माझ्या एकट्याचंच हाय," ते म्हणाले. पुन्हा थोड्या वेळाने म्हणाले, "पोरगी हुतीस तू."

"तेवीस वर्षांची, अण्णा."

"व्हय," ते म्हणाले. "मग दोघांचं."

ते उठले, मला हात देऊन उठवलं. घरी आल्यावर आरशात बघितलं तर माझे दोन्ही गाल पिवळे झाले होते. त्या संध्याकाळी त्यांनी पाठ घासू दिली.

मेच्या शेवटी मी पुन्हा घरी आले. हंगाम उतरला होता. जेवण झाल्यावर अण्णा म्हणाले, "मालनला एक इचारायचंय. बाईमाणसाला मी इचारू शकत न्हाई. तू इचार."

"काय?"

"निवडताना ती डावा हात काखेत धरती. पंधरा दिवस बघतोय. कुणी बघितलं की सोडती."

"तुम्ही आणखी कुणाला बोललात?"

"यार्डात आता मला कुणी गाठीबद्दल इचारलं तर मी हात लावत न्हाई," ते म्हणाले. "शिदूच्या पुतण्यानं मान फुडं केली परवा. म्हणलं, माझ्या हाताला काय बी कळत न्हाई. उपाध्येंकडं जा. शिदू हसला. हसू दे."

दुसऱ्या दिवशी मी मालनमावशीच्या घरी गेले. आधी तिने मला चहा दिला, मग शिव्या दिल्या, मग दार लावून घेतलं. होती. छातीच्या कडेला, बोराएवढी. छत्तिसाव्या वर्षी तिने ती दोन महिने पोलक्याखाली लपवून ठेवली होती.

"हौसासारखं करून ठेवू नका माझं," ती म्हणाली. "आता हाय ते दिसत न्हाई, म्हणून जगतीया. कळल्यावर कशी जगू?"

मला पुस्तकातलं पुष्कळ येत होतं. त्यातलं काहीच तिला सांगितलं नाही. "मी बरोबर येते," एवढंच म्हणाले. "सुई टोचतात तेव्हा हात धरते."

"तुझ्या बापाचा धरला हुतास का?"

"त्यांना नाही लागला."

"मग मला बी न्हाई लागायचा," ती म्हणाली आणि लुगडं बदलायला आत गेली. सुई टोचताना तिने माझी बोटं मोडायची बाकी ठेवली.

रिपोर्ट आला त्या दिवशी मी तिच्याबरोबर थेट यार्डात गेले. कारण ती घरी जायला तयार नव्हती. अण्णा थप्पीच्या सावलीत बसून खोळ दुमडत होते. आम्हाला येताना बघितलं आणि उभे राहिले. खोळ हातातच राहिली. चाळीस पावलांचं अंतर असेल. ते पुढे आले नाहीत.

मालनमावशी त्यांच्यापुढे जाऊन कमरेवर हात ठेवून उभी राहिली.

"काय न्हाई निघालं," ती म्हणाली. "तंतूंची साधी गाठ हाय म्हणं. सहा महिन्यांनी परत दाखवायची. दोन दिवसांचं काम बुडवलंस तातोबा, वर उपाध्येंच्या दवाखान्यातल्या त्या पोरीएवढ्या डॉक्टरणीपुढं पोलकं काढायला लावलंस. कशासाठी? काय न्हाई निघालं."

"साधी?" अण्णा म्हणाले.

"साधी. बोलती ते कळंना का तुला?"

अण्णांनी माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली. ते हसायला लागले. आवाज न करता, खांदे हलवत. आई गेल्यापासून मी त्यांना हसताना बघितलं नव्हतं, आणि ते असे हसतात हे मी विसरले होते. शिदूमामा दुकानातून बाहेर येऊन बघायला लागले.

"हे बेस झालं," अण्णा म्हणाले. "लई बेस झालं. बस मालन, च्या सांगतो."

"च्या कसला सांगतोस. दोन दिवस बुडवलंस माझं."

"बुडू देत. बस."

ती बसली, आणि तीन कप चहा होईपर्यंत शिव्या देत राहिली.

याला बावीस वर्षं झाली. त्यानंतर अण्णांनी यार्डातल्या किती जणांना उपाध्येंच्या दवाखान्यात पाठवलं ते मला माहीत नाही. बहुतेक जण काही न निघता परत यायचे आणि त्यांच्यावर चिडायचे. दोघींचं निघालं, पण वेळेत निघालं. त्या दोघीही चिडायच्या, जरा कमी. स्वतःची गाठ त्यांनी काढली नाही. मी घरी गेले की पाठ घासायची. गाठ बोटाखाली सरकायची आणि परत जागेवर यायची.

या माघात ते गेले. चौऱ्याहत्तर वर्षांचे होते, दुपारी जेवून आडवे झाले ते उठले नाहीत.

गेल्या महिन्यात सांगलीच्या घरी असताना माझ्या डाव्या दंडावर एक गाठ लागली. वाटाण्याएवढी. अंघोळ करताना साबणाचा हात तिच्यावरून गेला. मऊ होती, हलत होती, आणि मला तिचं नाव माहीत होतं. मी तिच्यावरचा हात काढला. कपडे घालून मालनमावशीला फोन केला. ती आता अठ्ठावन्नची आहे, गुडघे दुखतात, तरी रिक्षा करून आली. उपाध्येंच्या जागी आता त्यांची सून बसते.

रिपोर्ट मी एकटी आणायला गेले होते, पण मालनमावशी आधीच बाकावर येऊन बसलेली होती. मी कागद वाचला. बाहेर आले. मला तो कुणाला तरी सांगायचा होता, आणि ज्याला सांगायचा तो माणूस नव्हता. मी दारातच थांबले.

"काय?" मालनमावशी म्हणाली.

"साधी."

तिने काठी बाजूला ठेवली आणि बाकावर माझ्यासाठी जागा केली.

"हे बेस झालं," ती म्हणाली. "बस. च्या सांगते."